आषाढात बंद होणारी पंढरीची वाट

(महाड औद्योगिक वसाहतीत झालेल्या भाषणाचा संपादित भाग)



या वसाहतीच्या शेजारून, बिरवाडीमार्गे, पूर्वेकडे जाणारा एक रस्ता आहे. पाळीवर येणारा कामगार, दूध घेऊन उतरणारा शेतकरी, शाळेला निघालेली मुले आणि मालाने भरलेले ट्रक हे सारे त्यावरून जातात. वरंध, माझेरी ही गावे मागे टाकून तो सह्याद्रीला भिडतो, वाघजाईच्या देवळापाशी कावळ्या किल्ल्याची डोंगरसोंड चिरून पलीकडे उतरतो आणि नीरा देवघर धरणाच्या कडेने, हिरडोशी खोऱ्यातून, भोरला पोहोचतो. अंतर सुमारे ८० किलोमीटर. सरकारी दप्तरात आणि लोकांच्या तोंडी तो अनेक वर्षे महाड–भोर–पंढरपूर राज्यमार्ग म्हणून ओळखला गेला. आज त्याला राष्ट्रीय महामार्ग ९६५ डीडी असा क्रमांक मिळाला आहे. क्रमांक बदलला, दर्जा वाढला. एक गोष्ट मात्र बदललेली नाही. ज्या महिन्यात देशावरच्या साऱ्या वाटा विठ्ठलनामाने भरून वाहतात, त्याच आषाढात महाडची पंढरीची वाट जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशाने बंद असते.

गेल्या अनेक वर्षांचा हा क्रम आहे. जूनच्या आरंभी आदेश निघतो. सप्टेंबरअखेरपर्यंत जड वाहनांना मनाई; अतिवृष्टीचा इशारा असेल त्या दिवशी सर्वच वाहनांना मनाई. काही वर्षी तर दरड कोसळल्यावर महिनोन्महिने पूर्ण बंदी. मग महाडची गाडी माणगावला वळसा घालून ताम्हिणी घाटाने पुण्यास जाते, नाही तर पोलादपूरवरून आंबेनळी घाटाने महाबळेश्वर गाठते. त्या दोन घाटांची पावसाळ्यातील प्रकृतीही काही फार निरोगी नाही.

येथे एक खुलासा आवश्यक आहे. कोकणातला शेतकरी आषाढीला फारसा घर सोडू शकत नाही. आषाढ म्हणजे लावणी. गुडघाभर चिखलात आवण घेऊन उभा असलेला माणूस पंढरपूरला निघायचा कसा? म्हणून येथला वारकरी बहुधा भात झोडून, कणगी भरून कार्तिकीला जातो. तेव्हा घाट कोरडा असतो, रस्ताही खुला असतो. त्यामुळे घाट बंद राहिल्याने वारी बुडते, असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. बुडते ते निराळेच, आणि ते वारीपेक्षा लहान नाही.

घाट बंद म्हणजे काय, हे पुण्याच्या नकाशावर कळत नाही. ते घाटाखालच्या आणि घाटावरच्या गावांत जाऊन पाहावे लागते. पायथ्याच्या माझेरी, पारमाची, शिवथर या गावांना महाड आणि बिरवाडी हीच बाजारपेठ. घाटमाथ्यापलीकडच्या हिरडोशी खोऱ्यातील वाड्यांनाही कित्येक कामांसाठी महाडच जवळचे. भोर तालुक्यात राहूनही ज्यांचे सोयरे कोकणात, ज्यांची मुले या वसाहतीत कामाला, अशी ही कुटुंबे. जिल्हे दोन, महसुली विभाग दोन, परंतु समाज एक. सह्याद्रीच्या धारेने पाणी वाटून दिले. माणसे वाटली नाहीत. देशावरचा धनगर सुगी संपली की मेंढ्या घेऊन याच घाटवाटांनी कोकणात उतरत आला. कापणी झालेल्या खाचरांत मेंढ्या बसवायच्या, शेतकऱ्याला खत मिळायचे, धनगराला भात मिळायचे, आणि पावसाची चाहूल लागली की कळप पुन्हा वर चढायचा. करारपत्र नाही, दलाल नाही. पिढ्यान्‌पिढ्यांचा शब्द हाच व्यवहार. वरून गूळ, मिरची, कडधान्य, बैल येत. खालून मीठ, नारळ, सुकी मासळी जाई. महाड हे समुद्रापासून इतके आत असूनही एके काळी बंदर होते. भरतीबरोबर बाणकोटच्या खाडीतून, सावित्रीच्या पात्रातून होड्या येथवर येत आणि येथून बैलांच्या पाठीवर माल घाट चढे. ज्याला आज आपण मागास डोंगरी भाग म्हणतो, तो देश आणि कोकण यांच्यातला उंबरठा होता. उंबरठ्यावर कोणी मागास नसते.

या वाटांचे महत्त्व ओळखणारे पुरुष याच परिसरात वावरले. १६५६ मध्ये जावळी स्वराज्यात आली, पाठोपाठ रायरी आली आणि १६७४ मध्ये त्याच रायगडावर राज्याभिषेक झाला. राजधानी येथे का, याचे उत्तर घाटवाटांत आहे. वरंध, पार, मढे, ढवळे अशा वाटा ज्याच्या हाती, त्याच्या हाती देश आणि कोकण दोन्ही. तानाजी मालुसऱ्यांचे उमरठ पोलादपूर तालुक्यातच आहे. सिंहगडावर पडलेल्या या वीराचा देह मढे घाटाने खाली आणला गेला, अशी परंपरा सांगते. समर्थ रामदासांनी जेथे दासबोध सांगितला, ती शिवथरची घळ याच रस्त्यापासून आत, डोंगराच्या कुशीत आहे. घळीचा ठाव पुढे लोकांच्या विस्मरणात गेला होता. धुळ्याच्या शंकर श्रीकृष्ण देव यांनी १९३० साली ती शोधून काढली. प्रयत्न आणि सावधपण यांचा इतका आग्रह धरणारा ग्रंथ जेथे सिद्ध झाला, त्याच खोऱ्यात दर पावसाळ्यात सरकारचा सारा प्रयत्न एका आदेशाच्या कागदावर संपावा, हा योगायोग सुखावह नाही.

रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात दुर्गांविषयी सविस्तर प्रकरण आहे. गडाची वाट सुगम असू नये, शत्रूला सहज चढता येईल असा मार्ग ठेवू नये, झाडी राखावी, असा त्याचा आशय. त्या काळी वाट अवघड ठेवण्यात स्वराज्याची सुरक्षितता होती. आज ती वाट सुकर ठेवण्यात आहे, कारण आजचा शत्रू वाट चढून येत नाही. तो आकाशातून कोसळतो आणि डोंगर घेऊन खाली येतो. वाट अवघड राहिली, तर मदत पोहोचत नाही.

याचा अनुभव महाडने दोनदा घेतला. २५ आणि २६ जुलै २००५ रोजी या तालुक्यात दासगाव, जुई, रोहन, कोंडिवते येथे डोंगर खचले आणि दोनशेच्या आसपास माणसे गाडली गेली. सोळा वर्षांनी, २२ जुलै २०२१ रोजी, तळिये गावावर डोंगर आला. ऐंशीहून अधिक माणसे गेली. त्याच पावसात पोलादपूर तालुक्यात केवनाळे आणि साखर सुतारवाडी येथेही दरडी कोसळल्या. त्या चोवीस तासांत महाबळेश्वरला सुमारे ५९४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला होता. महाड शहर पाण्याखाली, रस्ते पाण्याखाली किंवा दरडीखाली. तळियेला मोठे बचावपथक पोहोचले ते दुसऱ्या दिवशी. तोवर गावकऱ्यांनीच हातांनी माती उपसली. रा. स्व. संघ जनकल्याण समितीचे आणि इतर संस्थांचे स्वयंसेवक पुढचे अनेक दिवस महाड-पोलादपूरच्या घरांतील चिखल काढीत होते, शिधा पोहोचवीत होते. ते काम मोलाचे होते. परंतु सेवाकार्य हे जखमेवरचे औषध आहे. जखम होऊ नये म्हणून करावयाचे काम दुसरेच असते आणि त्याला छायाचित्रकार येत नाहीत.

ते काम कोणते, हे समजण्यासाठी घाट का कोसळतो, हे आधी समजून घेतले पाहिजे. सह्याद्री हा लाव्हारसाच्या थरांवर थर बसून झालेला काळ्या पाषाणाचा डोंगर. थर जवळजवळ आडवे. दोन थरांच्या मधे कित्येक ठिकाणी लालसर, मातकट पट्टा असतो. वरचा खडक तडकलेला, त्याच्या डोक्यावर जांभ्याची आणि मातीची टोपी. पाऊस पडला की पाणी भेगांतून आत जाते, मातकट पट्ट्याशी अडते, आणि तो पट्टा साबणासारखा निसरडा होतो. वरून वजन वाढत जाते, खालून आधार सुटत जातो. महाड परिसरात वर्षाकाठी तीन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. घाटमाथ्यावर त्याहूनही बराच अधिक. इतके पाणी डोंगराने पोटात घ्यायचे आणि पायथ्याला रस्त्यासाठी डोंगराचा पाय मात्र आपण कापलेला. मग तो बसणारच.

यावर उपाय नाही, असे मुळीच नाही. पाण्याला वाट करून देणे हा पहिला आणि सर्वांत स्वस्त उपाय. डोंगराकडेचे गटार साफ असेल, प्रत्येक मोरी मोकळी असेल, तर अर्धे संकट तेथेच टळते. एखादी मोरी दगडगोट्यांनी आणि पाल्यापाचोळ्याने बुजली की तिचे पाणी रस्त्यावरून वाहू लागते, दरीकडची साईडपट्टी खाते, संरक्षक भिंतीच्या मागे साचते आणि एका रात्रीत भिंतीसह अर्धा रस्ता दरीत जातो. दुसऱ्या दिवशी वृत्तपत्रे निसर्गाच्या कोपाविषयी लिहितात. कोप निसर्गाचा असेल. पण मोरी कोणी बुजू दिली?

पूर्वी यासाठी मैलकुली असत. सार्वजनिक बांधकाम खात्याच्या रस्त्यावर ठराविक लांबीचा पट्टा एकेका माणसाकडे सोपवलेला असे. कुदळ, फावडे, घमेले घेऊन तो आपल्या पट्ट्यावर रोज हिंडे. कोणती मोरी कुठे तुंबते, कोणत्या कपारीतून दरवर्षी पाणी फुटते, कोणता दगड हलू लागला आहे, हे त्याला तोंडपाठ असे, कारण तो बहुधा त्याच गावचा असे. ती व्यवस्था हळूहळू आटत गेली. आता देखभाल ठेक्याने होते. यंत्र दरड आल्यावर येते. दरड येऊ नये म्हणून रोज चालत जाणारा माणूस राहिला नाही. यंत्र वाईट नाही, ते हवेच. परंतु यंत्राला डोंगर ओळखीचा नसतो.

घाटाचे रुंदीकरण हाती घेण्यात आले, त्याचे स्वागतच आहे. भोर, पुणे आणि ही वसाहत यांच्यामधला हा जवळचा मार्ग. तो रुंद झाला, तर माल आणि माणसे दोन्ही वेळेत पोहोचतील. मात्र रुंदीकरण म्हणजे डोंगराचा पाय आणखी कापणे. कापलेल्या उभ्या कड्याला पायऱ्या दिल्या नाहीत, सुटे खडक जाळीने बांधले नाहीत, आतल्या पाण्याला नळ्या घालून बाहेर काढले नाही, तर रस्ता जितका रुंद तितकी दरड मोठी. डांबराचा पैसा मंजूर होतो आणि उताराचा पैसा पुढच्या वर्षावर ढकलला जातो, ही सवय घाटाला परवडणारी नाही.

आणि हे सारे आपल्याकडे जमते, याचा पुरावा फार दूर शोधावा लागत नाही. कोकण रेल्वे याच तालुक्यातून जाते. २६ जानेवारी १९९८ रोजी ती संपूर्ण सुरू झाली तेव्हा ती दरडींतून कशी चालणार, असे विचारणारे पुष्कळ होते. संकटे आलीही. जून २००४ मध्ये करंजाडीजवळ मार्गावर आलेल्या दगडांमुळे मत्स्यगंधा एक्सप्रेस घसरली आणि माणसे मृत्युमुखी पडली. त्याआधी २००३ मध्ये वैभववाडीजवळ असाच भीषण अपघात झाला होता. त्यानंतर रेल्वेने काय केले? पावसाळ्यात गाड्या बंद केल्या नाहीत. उतारांना जाळ्या बसवल्या, सुटे खडक काढले, कटिंगचे उतार सौम्य केले, पर्जन्यमापक बसवले. पावसाळ्याचे वेगळे वेळापत्रक ठेवले. जोराच्या पावसात वेग ताशी चाळीस किलोमीटरवर आणला. धोक्याच्या जागी रात्रंदिवस गस्तीची माणसे उभी केली. गाडी उशिरा पोहोचते, पण पोहोचते. डोंगर तोच, पाऊस तोच, तालुका तोच. फरक एवढाच की, रेल्वेने डोंगर ही स्वतःची जबाबदारी मानली आणि रस्त्याच्या बाबतीत ती कोणाचीच नाही.

दुसरे उदाहरण तर महाडच्या वेशीवरचे. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री मुंबई-गोवा महामार्गावरचा सावित्रीवरील ब्रिटिशकालीन पूल वाहून गेला आणि एसटीच्या दोन बस प्रवाशांसह नदीत गेल्या. देश हादरला. नवा पूल १६५ दिवसांत उभा राहिला आणि ५ जून २०१७ रोजी वाहतुकीस खुला झाला. म्हणजे इच्छाशक्ती असली की सरकारी यंत्रणा काय करू शकते, हे महाडकरांनी डोळ्यांनी पाहिले आहे. प्रश्न असा की, त्या इच्छाशक्तीला जागे होण्यासाठी दर वेळी बळीच लागतात काय? वरंध घाटात मोठा महामार्ग नाही, मुंबई-गोव्याची गर्दी नाही, म्हणून त्याला १६५ दिवस सोडाच, काही पावसाळे वाट पाहावी लागते.

येथे प्रशासनाची बाजूही न्यायाने मांडली पाहिजे. बंदीचा आदेश काढणारा अधिकारी हा काही लोकांचा वैरी नव्हे. २८ जुलै २०१८ रोजी आंबेनळी घाटात दापोलीच्या कृषी विद्यापीठातील कर्मचाऱ्यांची बस दरीत कोसळली. एकच जण वाचला. अशा घटनेनंतर धोक्याच्या रस्त्यावर गाड्या सोडण्याची जबाबदारी कोण घेईल? बंदीने जीव वाचतात, हे खरे आहे, आणि रेड अलर्टच्या दिवशी घाट बंद असलाच पाहिजे. आक्षेप त्या दिवसाच्या बंदीला नाही. आक्षेप हा आहे की, बंदी हा अखेरचा उपाय असावयाचा, तो पहिला आणि एकमेव उपाय झाला. चार महिने रस्ता बंद ठेवला की चार महिने त्याची देखभाल करण्याचे कारण उरत नाही. देखभाल झाली नाही की पुढच्या वर्षी तो अधिक धोकादायक होतो. आणि अधिक धोकादायक झाला की बंदीचे समर्थन आयते मिळते. हे चक्र कोठे तरी तोडावे लागेल.

कागदावर खुले असणे आणि प्रत्यक्षात खुले असणे यांतील अंतर महाडइतके कोणत्या गावाने जाणले असेल? १९२३ च्या बोले ठरावानंतर महाड नगरपालिकेने १९२४ मध्ये चवदार तळे सर्वांना खुले केल्याचा ठराव केला. पण अस्पृश्य मानलेल्या बांधवाची ओंजळ त्या पाण्याला लागली ती २० मार्च १९२७ रोजी, डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्वतः हजारो लोकांसह चालत तेथे गेले तेव्हा. त्यानंतरही मारहाण झाली, खटले झाले, आणि उच्च न्यायालयाचा निर्णय १९३७ मध्ये आला. नगराध्यक्ष सुरेंद्रनाथ टिपणीस यांच्यासारखे सवर्ण त्या लढ्यात बाबासाहेबांच्या बाजूने उभे राहिले, हेही महाडचेच वैभव. त्या मानवी हक्काच्या संग्रामाची तुलना रस्त्याशी करणे योग्य नव्हे. परंतु सार्वजनिक वस्तू ठरावाने सार्वजनिक होत नाही, ती वापरात यावी लागते, हा धडा याच गावाने साऱ्या देशाला दिला. डोंगरातल्या वाडीवरच्या माणसासाठी राष्ट्रीय महामार्ग हा फलकावरचा क्रमांक राहिला, तर त्या क्रमांकाचा त्याला काय उपयोग?

मग करावयाचे काय? घाटाच्या दोन्ही बाजूंस मिळून एकच देखभाल पथक असावे. पूर्वी येथे एकीकडे कुलाबा जिल्हा आणि दुसरीकडे पंतसचिवांचे भोर संस्थान होते. संस्थान १९४८ मध्ये विलीन झाले, सीमा मात्र फायलींत शिल्लक राहिली. पावसाच्या ढगाला रायगड आणि पुणे जिल्ह्यांची हद्द कळत नाही. मग रस्त्याला ती का कळावी? पथकात वरंध, माझेरी, शिरगाव, हिरडोशी येथील तरुण घ्यावेत. त्यांना हंगामी नव्हे, बारमाही रोजगार द्यावा, म्हणजे मैलकुलीची जुनी रीत नव्या साधनांसह परत येईल. मे महिन्यात प्रत्येक मोरी साफ झाल्याची तारीखवार नोंद ग्रामपंचायतीच्या फलकावर लावावी. घाटात दोन-तीन ठिकाणी स्वयंचलित पर्जन्यमापक बसवून, ठरलेल्या मर्यादेपर्यंत पाऊस असेल तोवर दिवसाउजेडी एसटी, रुग्णवाहिका आणि लहान वाहने गस्तीच्या देखरेखीखाली सोडावीत. मर्यादा ओलांडली की फाटक बंद; पाऊस ओसरला, गस्तीवाल्याने पाहणी केली की फाटक पुन्हा उघडावे. हा निर्णय दूरच्या कार्यालयात चार महिन्यांसाठी एकदम न होता घाटात रोज व्हावा.

या वसाहतीतील कारखानदारांचाही यात वाटा आहे. हा रस्ता त्यांनाही हवा आहे. सामाजिक उत्तरदायित्वाचा निधी शाळेच्या रंगकामासाठी जातो, चांगली गोष्ट आहे. पण त्यातून दोन पर्जन्यमापक आणि काही गस्तीवाल्यांचे रेनकोट, विजेऱ्या, बिनतारी संच उभे राहिले, तर आपल्याच कामगारांची वाट राखली जाईल. कामगार संघटनांनी हा विषय पगारवाढीच्या मागण्यांबरोबर मांडला, तरी हरकत नाही. रात्रपाळी संपवून परतणाऱ्या माणसाला घरचा रस्ता शिल्लक आहे की नाही, हा त्याचाच प्रश्न आहे.

वाघजाईच्या देवळापाशी भजी आणि चहाची दुकाने आहेत. धुक्यात गरम भजी खाण्यासाठी पुण्या-मुंबईहून लोक मुद्दाम येतात. त्यांचा हंगाम पावसाळ्याचा. घाट बंद झाला की त्या टपऱ्यांवर प्लास्टिक ओढले जाते, आणि त्यांचे मालक डोंगर उतरून बिरवाडीत रोजंदारी शोधतात किंवा मुंबईची गाडी धरतात. पोलादपूर आणि महाडच्या डोंगरवाड्यांतून मुंबईला गेलेला तरुण परत फिरत नाही, ही खंत येथे प्रत्येक सभेत व्यक्त होते. तो गेला तो बहुतेक वेळा अशाच एखाद्या बंद फाटकापासून. सप्टेंबर संपतो, आदेशाची मुदत सरते, बांधकाम खात्याची माणसे रस्त्यावरची माती बाजूला करतात आणि एके सकाळी महाडहून भोरला पहिली एसटी चढू लागते. त्या दिवशी वाघजाईपुढे नारळ फोडणाऱ्यांत टपरीवाला असतो, धनगर असतो, भात कापायला निघालेला शेतकरीही असतो. पुढच्या जूनपर्यंत त्यांना आठ महिने मिळालेले असतात, आणि मोऱ्या साफ करण्यासाठी सरकारलाही तेवढेच.